वहिनींचा आवाज

३ जून

डॉक्टरांनी दहा दिवस तोंड बंद ठेवायला सांगितलंय. कुजबुजायचंसुद्धा नाही, त्याने घशाला जास्त ताण पडतो म्हणे. चिमणी हसली. "ताई, दहा दिवस तू गप्प? त्या डॉक्टरांना तू कुठे माहीत आहेस!" आणि कोपऱ्यावरच्या दुकानातून ही वही घेऊन आली. जे सांगायचं ते हिच्यात लिहायचं. 'पंखा कमी कर', 'दूध उतू जातंय' असलं मी मागच्या पानांवरून लिहिते. पुढची पानं माझ्यासाठी ठेवलीत.

चार महिने आवाज बसतोय. आधी सर्दी म्हटलं, मग वय म्हटलं. पासष्टीला लोकांचे गुडघे जातात, माझा घसा गेला. डॉक्टरांनी नळी घालून आत पाहिलं, एक तुकडा काढून तपासायला पाठवला. बोलले काहीच नाहीत. मला गप्प बसवणारा माणूस स्वतःही घुमाच निघाला.

६ जून

एकेचाळीस वर्षांत हे कुठे लिहिलं नाही. आज हात मोकळा आहे तर लिहून टाकते.

सगळं शहर जिला 'वहिनी' म्हणतं ती नटी माझी धाकटी बहीण. लग्न न झालेली, कुणाचीच वहिनी नसलेली. दुसऱ्याच सिनेमात तिने एक वहिनी केली आणि ते नाव चिकटलं ते चिकटलंच. बसच्या कंडक्टरपासून न्यायाधीशापर्यंत सगळ्यांची ती वहिनी. त्रेसष्ट सिनेमे, अकरा वर्षं चाललेली एक मालिका. घरात मात्र ती चिमणी. वडिलांनी ठेवलेलं नाव, तिच्या आवाजावरून.

आणि पडद्यावरचा वहिनींचा आवाज म्हणजे मी.

पहिल्या सिनेमाच्या वेळी ती एकवीस वर्षांची होती, मी चोवीस. मी नुसती सोबत म्हणून जायची. शूटिंग झालं, आवाज भरायची वेळ आली. चिमणीने पहिलं वाक्य म्हटलं आणि निर्मात्याने कानांवर हात ठेवले. "चेहरा देवाने दिला आणि आवाज उरलेल्यातून दिला," म्हणाला. सगळे हसले. चिमणीही हसली. मी बाकावरून उठले आणि ते वाक्य म्हणून दाखवलं, असंच, रागाने. काचेपलीकडचा रेकॉर्डिस्ट जागचा उठून उभा राहिला.

तेव्हापासून माइकसमोर मी. तो रेकॉर्डिस्ट अजून मला आवाजबाई म्हणतो. त्याला ठाऊक आहे आणि चार-सहा निर्मात्यांना होतं, त्यांतले बहुतेक गेले. बाहेर मी तिची सेक्रेटरी. वहिनी मुलाखती देत नाहीत, वहिनी अबोल आहेत, वहिनी नुसत्या गोड हसतात, हे लोकांना माहीत आहे आणि आवडतंही. फोन मी घेते, "वहिनीच बोलतेय" म्हणून. दुकानात मी बोलते, ती बोट दाखवते. कधी भांडण नाही, कुरकुर नाही. दोघी मिळून आम्ही एक बाई नीट चालवली.

१४ जून

कॅन्सर आहे. स्वरतंतूवर.

डॉक्टर आज मात्र बोलले. लवकर सापडलाय म्हणाले. साडेसहा आठवडे किरणं घ्यायची, शनिवार-रविवार सोडून रोज. मध्ये काही महिने आवाज पार जाईल, पण नंतर बराचसा परत येईल. "आणि थांबलं तर?" मी लिहून विचारलं. त्यांनी चष्मा काढला. "थांबू नका."

चिमणीने माझा हात इतका घट्ट धरला होता की घरी येऊन पाहिलं तर नखांचे वळ.

१५ जून

ठरवलं. सप्टेंबरपर्यंत थांबायचं.

नवा सिनेमा पुढच्या आठवड्यात सुरू होतोय. चिमणीला सहा वर्षांनी असं काम आलंय. म्हातारी, एकटी, पोस्टातून निवृत्त झालेली बाई, आणि सिनेमाभर तीच. दिग्दर्शक म्हणजे तिशीतली पोरगी आहे. मागे फोनवर म्हणत होती, मला सगळा आवाज जागेवरच रेकॉर्ड करायचाय. मी वहिनींच्या आवाजात ठणकावलं, "आमची पद्धत डबिंगची आहे. नाहीतर दुसरी बघा." पोरगी "बरं, बघू" म्हणाली. म्हणजे ऑगस्टअखेर डबिंग. आत्ता किरणं घेतली तर तेव्हा माझ्या घशातून काय निघणार?

चिमणी ऐकेना. "ताई, सोमवारपासून सुरू कर. सिनेमाचं बघू आपण."

'बघू म्हणजे? बोलेल कोण?' मी लिहिलं.

ती खिडकीशी जाऊन उभी राहिली. पाठमोरीच म्हणाली, "आणि समजा, डबिंग नसलंच तर?"

मला हसू आलं, हसायलाही बंदी आहे तरी. वेडी आहे. माझ्यासाठी अख्खा सिनेमा सोडायला निघाली. अशी बहीण असल्यावर दोन-अडीच महिने म्हणजे काय मोठंसं!

४ जुलै

शूटिंग शहराबाहेर आहे, बंद पडलेल्या एका पोस्टाच्या इमारतीत. धूळ फार म्हणून चिमणीने मला येऊच दिलं नाही. एकेचाळीस वर्षांत पहिल्यांदा सेटवर ती एकटी. शनिवारी येते, सोमवारी पहाटे जाते.

मी घरी संवादांची तयारी करतेय. डॉक्टरांच्या आज्ञेबाहेर, रोज अर्धा तास, दार लावून. कुठे श्वास घ्यायचा त्याच्या पेन्सिलने खुणा करते. आवाज खालच्या पट्टीत घोगरा लागतो, पण म्हातारीला तो शोभेल.

१२ जुलै

चिमणीचा घसाही बसलाय. येऊन आधी गरम पाणी मागितलं. 'कुणावर ओरडलीस का?' विचारलं तर म्हणाली धूळ आहे. न्हाणीघरात गुणगुणत होती. कितीतरी वर्षांनी. नंतर दारात कुरियरवाल्याशी चांगली पाच मिनिटं बोलत उभी! त्याच्या आईचं ऑपरेशन, कुठलं हॉस्पिटल, कोण डॉक्टर. मी आतून ताटली वाजवली तेव्हा आली. लिहून दिलं, 'त्याने ओळखलं असतं तर?' वाचून कागदाची घडी घालत राहिली.

"त्याने मला ओळखलं नाही, ताई," म्हणाली. "बाई, तुमचा चेहरा वहिनींसारखा आहे, म्हणाला."

त्यात एवढं तोंड उतरायला काय झालं, कळलं नाही.

१९ जुलै

आज टेबलावर माझे संवादांचे कागद तिच्या हाती लागले. पेन्सिलच्या खुणा बघितल्या आणि रडायलाच लागली. कागद छातीशी धरून. "उद्या चल डॉक्टरकडे. माझ्यासाठी चल. मी पाया पडते तुझ्या."

किती जीव आहे तिचा माझ्यावर. मी डोळे पुसले तिचे.

रेकॉर्डिस्टला निरोप पाठवून डबिंगची तारीख विचारली. 'कळवतो' एवढंच उत्तर.

२८ जुलै

एकटीने दिवस जात नाही. जुनं आठवतं.

चिमणी तिशीत असताना एक भूगोलाचा मास्तर होता. शाळेच्या कार्यक्रमाला ती गेली, त्याने तिला नकाशांची खोली दाखवली. मग फोन करायला लागला, दर गुरुवारी संध्याकाळी सहाला. फोनवर अर्थात मी. चिमणी रिसीव्हरला कान लावून शेजारी. तो नद्यांबद्दल बोलायचा. एखाद्याला नद्यांबद्दल इतकं बोलता येतं हे मला माहीत नव्हतं. पुढे पुढे चिमणी शूटिंगला असली तरी मी फोन घ्यायचे, गुरुवार चुकायला नको म्हणून. आठ महिने चाललं. मग त्याने लग्नाचं विचारलं. चिमणी बाहेरगावी होती. म्हटलं, लग्न झाल्यावर पहिल्याच सकाळी हिने चहाला हाक मारली की सगळा उलगडा. मी वहिनींच्या आवाजात त्याला सांगितलं की पुन्हा फोन करू नका. चिमणी आल्यावर म्हटलं, त्याची लांब बदली झाली.

बरंच झालं. तिला झेपलं नसतं. त्यानंतर कितीतरी गुरुवारी सहा वाजता मी फोनजवळची धूळ पुसत बसायचे, ते का कोण जाणे.

९ ऑगस्ट

गिळताना दुखतं. जिना चढताना शिट्टीसारखा आवाज येतो. चिमणीला सांगितलं नाही. शेवटचे पंधरा दिवस उरलेत तिचे.

२२ ऑगस्ट

डॉक्टर चिडले. त्यांना चिडताना पहिल्यांदाच पाहिलं. गाठ वाढून बाहेरच्या कूर्चेपर्यंत गेलीय. आता नुसत्या किरणांनी भागणार नाही, स्वरयंत्र पूर्ण काढावं लागेल. गळ्याला भोक, श्वास तिथून. आवाज नाही. "घोगरा तरी?" विचारलं. "नाही. आवाज नाही."

ऑपरेशन सत्तावीसला.

म्हणजे हातात चार दिवस. रेकॉर्डिस्टला कळवलं, उद्या स्टुडिओ उघड, दिवसरात्र बसून सगळं उरकू.

२३ ऑगस्ट

स्टुडिओ उघडायच्या ऐवजी तो स्वतःच घरी आला. चिमणी शेवटच्या दिवसाच्या शूटिंगला गेलेली. खुर्चीच्या अगदी कडेला टेकून बसला.

"आवाजबाई, डबिंग नाहीये."

"पुढे ढकललं?"

"नाहीच आहे. सगळं जागेवर रेकॉर्ड झालं. जूनपासूनच तसं ठरलंय."

"मग बोललं कोण?"

तो माझ्याकडे बघत राहिला. मी पुन्हा विचारलं. खरंच कळलं नव्हतं मला.

"तीच," म्हणाला.

मग मी विचारलं, "कसा वाटतो?"

"वेगळा आहे." मग मान खाली घालून, "खरा आहे. मी सांगणार होतो तुम्हाला. तिने शपथ घातली होती. आणि तुम्ही उपचार लांबवताय हे मला कालपर्यंत माहीतच नव्हतं हो."

तो गेल्यावर मी संवादांचे कागद काढले आणि पहिल्या पानापासून शेवटपर्यंत मोठ्याने म्हटले. कुणासाठी ते विचारू नये. एकतिसाव्या पानाला रक्त आलं.

२४ ऑगस्ट

चिमणी आली. मी स्वयंपाकघरात बसले होते. मला सगळं समजलंय हे तिला कळलेलं होतं, ते तिच्या चपलांच्या आवाजावरूनच ओळखलं.

"का नाही सांगितलंस?" मी म्हटलं. आता गप्प राहून काय वाचवायचं होतं!

"सांगितलं की."

"डबिंग नसलंच तर, हे सांगणं झालं? सरळ सांगायचं. ताई, माझं मी बोलतेय, तू मर किंवा जग."

"सरळ बोलायची सवय कुठाय मला?" ती म्हणाली. "एकेचाळीस वर्षांत मी कुणाशी सरळ बोललेय?"

तो आवाज. घरात रोज ऐकते, पण आज ऐकला. वरच्या बाजूला चिरका, मधेच खरखरणारा. निर्मात्याच्या कानांवरचे हात आठवले.

"रोज ठरवायचे की आज सांगते," ती म्हणाली. "पण सांगितलं असतं तर तू फोन उचलून त्या पोरीला धमकावलं असतंस आणि सगळं बंद पाडलं असतंस. मला वाटायचं, आणखी एक आठवडा. मग आणखी एक. मला आवडत होतं, ताई. मी बोलायचे आणि लोक ऐकायचे. तुझा घसा चाललाय हे माहीत असून मला आवडत होतं. आता काय करायचं ते कर."

काय करणार? मी कणीक मळायला घेतली. तिने पाणी घातलं, नेहमीसारखं, थोडं थोडं.

२६ ऑगस्ट

हॉस्पिटल. खोलीत दोन खाटा, दुसरी रिकामी. उद्या सकाळी आठला नेणार.

संध्याकाळी चिमणी खुर्ची ओढून जवळ बसली. "एक विचारू? नंतर तुला उत्तर देता येणार नाही म्हणून आत्ता."

मला वाटलं कागदपत्रांचं काहीतरी.

"मास्तरांची बदली झाली नव्हती ना?"

बत्तीस वर्षं. बत्तीस वर्षं हा प्रश्न ती पोटात घेऊन जेवली, झोपली, हसली.

खोटं बोलायला आवाज पुरला असता. पण म्हटलं, "नाही. मीच त्याला नाही म्हटलं. तुझ्या आवाजात."

"तुझ्या," ती म्हणाली.

मग तिने उशी नीट केली, पाण्याचा ग्लास जवळ सरकवला आणि बाहेरच्या बाकावर जाऊन बसली. मी हाका मारल्या दोन. आत यायला तिला वेळ लागला, तोवर नर्सने येऊन बोलू नका सांगितलं. म्हणजे माझे शेवटचे शब्द 'चिमणे, ए चिमणे' हे होते. आणि तेही भिंतीला.

१७ सप्टेंबर

गळ्यात भोक आहे, त्यात नळी. खोकला तोंडातून येत नाही, गळ्यातून येतो. चिमणी दिवसातून तीनदा नळी साफ करते. हात हलका आहे तिचा. एक शब्द बोलत नाही. लिहायला एक छोटी पांढरी पाटी आणलीय, तिच्यावर मी लिहिते, ती वाचते, करते. नोकरीवर असल्यासारखी.

आता मागच्या पानांसाठी वही उलटी करावी लागत नाही, एवढाच काय तो फायदा.

१५ नोव्हेंबर

सिनेमा लागला. गळ्याला रुमाल बांधून गेले. शेवटच्या रांगेत मी, शेजारी ती.

पडद्यावर म्हातारी पोस्टाचं कुलूप उघडते आणि म्हणते, "कुणाचं काही आलंय का बघते." पहिलंच वाक्य. थिएटरात खसखस पिकली. मग चुळबुळ. पुढच्या रांगेतली बाई नवऱ्याला म्हणाली, "अहो, हा कुणाचा आवाज लावलाय वहिनींना?"

पाऊण तासाने मला कळलं की मी रडतेय. चांगलं होतं ते. त्या म्हातारीचा तोच आवाज असायला हवा होता, दुसरा कुठलाच नाही. माझा तर मुळीच नाही. मी पाटीवर लिहिलं, 'चांगलं बोललीस.' अंधारात तिला दिसलं नसावं. मध्यंतरात माणसं उठून जायला लागली तेव्हा ती त्यांना पाय आखडून वाट करून देत होती.

२१ नोव्हेंबर

वर्तमानपत्रात पत्रं. 'आमच्या वहिनींना परका आवाज देणाऱ्या दिग्दर्शिकेने जाहीर माफी मागावी.' 'एकेचाळीस वर्षं ज्या आवाजाने आम्हाला धीर दिला त्याची ही विटंबना.' सिनेमा एका आठवड्यात उतरवला. ती पोरगी घरी येऊन गेली. चिमणीच्या मांडीवर डोकं ठेवून रडली. "तुम्ही सांगा ना त्यांना," म्हणाली.

१२ डिसेंबर

नगरसभागृहात वहिनींचा सत्कार. आधीच ठरलेला होता. चिमणीने सकाळीच पाटी घेतली आणि माझ्याच पेनने त्यावर लिहिलं, 'आज सांगणार आहे.' मला हेही बोलून नाही, लिहूनच कळवलं. मी मान हलवली. मनापासून हलवली, हे इथे नोंदवते.

सभागृह भरलेलं. भाषणं झाली, शाल आली. चिमणी माइकसमोर गेली. लोकांना वाटलं हसेल आणि बसेल. ती म्हणाली, "हा माझाच आवाज आहे. सिनेमात जो होता तो माझा. आधीचा माझा नव्हता."

पहिल्या रांगेतून एक म्हातारे गृहस्थ कळवळून म्हणाले, "वहिनी, घसा फार बसलाय हो तुमचा. नका त्रास करून घेऊ." कुणीतरी गरम पाणी आणायला धावलं. ती पुन्हा म्हणाली, "बसलेला नाही. असाच आहे. माझ्या बहिणीचा—" तेवढ्यात सूत्रसंचालकाने तिला हलकेच खांद्याला धरून खुर्चीत बसवलं. "वहिनींची तब्येत ठीक नसतानाही त्या आल्या," म्हणाला. टाळ्या. आणि प्रसंग सावरायला त्याने जुन्या सिनेमाचा तुकडा लावला. "दार उघडंच आहे, भाऊजी. तुम्हीच बाहेर उभे आहात."

मी. सत्तावीस वर्षांची मी. अख्खं सभागृह उभं राहिलं. बायका डोळे पुसत होत्या.

लाज वाटते पण लिहिते: मला आनंद झाला. अंगावर काटा आला. ऑपरेशननंतर पहिल्यांदाच जिवंत असल्यासारखं वाटलं. मग मंचाकडे पाहिलं. चिमणी पाण्याचा ग्लास हातात धरून बसली होती आणि तिचे ओठ हलत होते. माझ्या प्रत्येक शब्दाबरोबर, एकही न चुकता. तिला ते कळतही नसावं.

१३ डिसेंबर ते ३ जानेवारी

काही नाही. ती दारात कुणाशी बोलत नाही. न्हाणीघरात नळाचा आवाज येतो, तेवढाच.

८ जानेवारी

तपासणीला गेलो. जखम छान भरली म्हणाले डॉक्टर. मग खणातून विजेरीएवढं एक यंत्र काढलं. गळ्याला बाहेरून लावायचं, ओठ हलवायचे, शब्द ऐकू येतात. आवाज यंत्राचाच, सपाट, पण समोरच्याला कळतं. शिकायला महिनाभर लागतो. पुष्कळ लोक वापरतात. त्यांनी स्वतःच्या गळ्याला लावून दाखवलं, "न-म-स्का-र," आणि मला हसू आलं.

"हवंय का तुम्हाला?"

मी ओठांनी म्हटलं, "हवंय."

त्यांना कळलं नाही. त्यांनी चिमणीकडे बघितलं. "काय म्हणताहेत?"

चिमणी माझ्याकडे वळली. मी पुन्हा म्हटलं, अगदी सावकाश, एकेक अक्षर सोडवून. हवंय. ती माझ्या तोंडाकडे बघत होती, नजर जराही न हलवता. कितीतरी महिन्यांनी तिने माझ्याकडे इतका वेळ पाहिलं.

मग डॉक्टरांना म्हणाली, "नको म्हणतेय."

पाटी मांडीवर होती. पेन टोपण काढून हातात होतं.

डॉक्टरांनी कागदावर तसं लिहून घेतलं आणि यंत्र पुन्हा खणात ठेवलं.